राष्ट्राचा जन्म कोणत्या दिवशी होतो?



टेक्सस राज्यातील डॅलस शहराला लागून असलेले अर्विंग हे गाव वयाने तसे लहानच. १९०३ साली ते वसले आणि १९१४ साली तिथे नगरपालिका आली. पण डॅलस परिसरात राहणाऱ्या परदेशी माणसाला अमेरिकेचे नागरिक व्हायचे असेल, तर मुलाखतीसाठी त्याला याच गावातील सरकारी कार्यालयात यावे लागते. त्या मुलाखतीत इतिहासाची आणि राज्यकारभाराची तोंडी परीक्षा असते. ऑक्टोबर २०२५ पासून अर्ज करणाऱ्यांसाठी १२८ प्रश्नांची यादी ठरली आहे. त्यांतले २० विचारतात आणि १२ उत्तरे बरोबर यावी लागतात. वयाची पासष्टी ओलांडलेल्या आणि २० वर्षे कायमचे रहिवासी असलेल्या वडील मंडळींना सवलत आहे. त्यांच्यासाठी २० निवडक प्रश्न असतात, त्यांतले १० विचारतात, ६ आले की झाले. शिवाय ही मंडळी दुभाषी सोबत घेऊन आपल्या मातृभाषेतून उत्तरे देऊ शकतात. म्हणजे अमेरिकेच्या जन्माची हकीकत अमेरिकन अधिकाऱ्याला मराठीतून सांगण्याची सोय अर्विंगमध्ये आहे!

या प्रश्नांच्या यादीत एक प्रश्न आहे : स्वातंत्र्याचा जाहीरनामा केव्हा मंजूर झाला? उत्तर पाठ करायला सोपे आहे : ४ जुलै १७७६. पण आपल्या समाजातील ज्यांनी आज ऐंशी-नव्वदी गाठली आहे, त्यांनी लहानपणी दोन राष्ट्रांचा जन्म नऊ महिन्यांच्या आत पाहिला आणि तरुणपणी महाराष्ट्र राज्याचाही पाहिला. त्यांना हे उत्तर थोडे अपुरे वाटेल. राष्ट्र खरोखर एका तारखेला जन्मते का? की तारीख ही फक्त बारशाची असते? या अंकात आम्ही हाच प्रश्न घेतला आहे. सुरुवात जिथे परीक्षा होते त्या अमेरिकेपासून करू आणि मग आपल्या घरी येऊ.

तेरा वसाहतींचा कागद

अमेरिकेच्या पूर्व किनाऱ्यावरील तेरा इंग्रजी वसाहतींच्या प्रतिनिधींनी इंग्लंडपासून वेगळे होण्याचा ठराव केला तो २ जुलै १७७६ रोजी. थॉमस जेफरसन यांनी लिहिलेल्या जाहीरनाम्याचा मजकूर ४ जुलैला मंजूर झाला. बहुतेक सह्या तर २ ऑगस्टला झाल्या. म्हणजे वाढदिवसाच्या तीन तारखा, त्यांतली मधली लोकांनी धरली. युद्ध त्यानंतरही चालू राहिले आणि इंग्लंडने स्वातंत्र्य मान्य केले ते १७८३ च्या तहात. राज्यघटना लिहिली गेली १७८७ साली. इतके झाले तरी सर्व माणसे समान आहेत असे ज्या कागदावर लिहिले होते, तो लिहिणाऱ्या जेफरसन यांच्याच मळ्यावर शेकडो गुलाम राबत होते.

यहुद्यांच्या बाबतीत काय झाले ते पाहण्यासारखे आहे. १७९० साली राष्ट्राध्यक्ष जॉर्ज वॉशिंग्टन यांनी न्यूपोर्ट येथील यहुदी जमातीला एक पत्र पाठवले. या देशाचे सरकार धर्मद्वेषाला थारा देणार नाही आणि यहुद्यांचा हक्क ही कोणाची मेहेरबानी नाही, असा त्याचा आशय होता. हे पत्र आजही तिथल्या यहुद्यांना अभिमानाचे वाटते. त्याच सुमारास इकडे आपले सामाजी हसाजी दिवेकर, कंपनी सरकारच्या फौजेतील अंमलदार, टिपूच्या कैदेतून सुटून मुंबईला परतले, असे आपल्याकडे सांगतात. १७९६ साली त्यांनी मांडवीत शाअर हारहमीम ही आपली पहिली मशीद बांधली. तिच्यासाठी कोणाचे पत्र लागले नाही आणि कोणी अडवलेही नाही.

वॉशिंग्टन यांचे पत्र केंद्र सरकारपुरते होते. घटनेने केंद्रातील पदांसाठी धर्माची अट काढली, पण राज्यांचे कायदे तसेच राहिले. मेरीलँड राज्यात सरकारी पद घेणाऱ्याला ख्रिस्ती श्रद्धेची शपथ घ्यावी लागे. ती अट यहुद्यांसाठी दूर व्हायला १८२६ साल उजाडले. जाहीरनाम्यापासून मोजले तर पन्नास वर्षे.

हिंदी माणसाची वाट तर त्याहून लांब होती. भगतसिंग थिंद हे पंजाबी गृहस्थ पहिल्या महायुद्धात अमेरिकेच्या सैन्यात होते. त्यांनी नागरिकत्व मागितले, तेव्हा १९२३ साली सर्वोच्च न्यायालयाने निकाल दिला की हिंदी माणूस कायद्याच्या अर्थाने गोरा नाही, म्हणून तो नागरिक होऊ शकत नाही. हा दरवाजा उघडला १९४६ साली, आणि तोही किलकिला : वर्षाला १०० हिंदी माणसांनाच प्रवेश. मोठा बदल झाला तो १९६५ च्या कायद्याने. आज अर्विंगमध्ये मराठी, तेलुगू, गुजराती कानावर पडते ते या १९६५ सालामुळे, १७७६ मुळे नव्हे.

टेक्ससची दहा वर्षे

आम्ही राहतो ते टेक्सस राज्य एके काळी स्वतंत्र राष्ट्र होते, हे बाहेरच्यांना फारसे ठाऊक नसते. मेक्सिको १८२१ साली स्पेनपासून स्वतंत्र झाला आणि टेक्सस हा त्याचा उत्तरेकडचा प्रांत होता. तिथे अमेरिकेतून येऊन वसलेले शेतकरी आणि मेक्सिकोचे सरकार यांचे बिनसले. कारणे बरीच होती : राजधानीकडे एकवटत चाललेली सत्ता, नव्या लोकांच्या येण्यावर घातलेली बंदी, आणि गुलामगिरी. मेक्सिकोला गुलामगिरी नको होती, कापूस पिकवणाऱ्या वसाहतवाल्यांना ती हवी होती. २ मार्च १८३६ रोजी त्यांनी स्वातंत्र्य जाहीर केले. २१ एप्रिलला सॅन हसिंतोच्या मैदानात लढाई झाली, तिचा निकाल वीस मिनिटांच्या आत लागला. नवे राष्ट्र जेमतेम दहा वर्षे टिकले. २९ डिसेंबर १८४५ रोजी ते अमेरिकेत सामील झाले.

या जाहीरनाम्यावर सही करणाऱ्यांत होजे आंतोनियो नावारो आणि होजे फ्रान्सिस्को रुइझ हे दोघेच टेक्ससच्या मातीत जन्मलेले होते. बाकीचे बाहेरून आलेले. हुआन सेगीन हा सॅन अँटोनियोचा मूळ रहिवासी टेक्ससच्या बाजूने सॅन हसिंतोला लढला. पुढे तो आपल्या शहराचा महापौर झाला. पण नव्याने येणाऱ्यांची संख्या वाढली, तसा स्पॅनिश बोलणारा प्रत्येक जण त्यांना मेक्सिकोचा हेर दिसू लागला. ज्या राष्ट्रासाठी लढला ते राष्ट्र सोडून १८४२ साली सेगीनला मेक्सिकोत आसरा घ्यावा लागला. त्याचे घराणे मात्र त्या भूमीत या राष्ट्राच्या कितीतरी आधीपासून होते.

गुलामांची गोष्ट वेगळी सांगायला नको. टेक्ससच्या १८३६ च्या घटनेत गुलामगिरी कायम होती आणि स्वतंत्र काळ्या माणसालाही सरकारच्या परवानगीशिवाय तिथे कायमचे राहता येत नव्हते. अब्राहम लिंकन यांचा मुक्तीचा हुकूम १ जानेवारी १८६३ रोजी लागू झाला. टेक्ससमध्ये गुलामांच्या मुक्तीची घोषणा झाली १९ जून १८६५ रोजी, गॅल्व्हस्टन बंदरात. मधली अडीच वर्षे कायद्याने सुटलेली माणसे शेतात राबतच होती. तो १९ जून आता साऱ्या देशात सुट्टीचा दिवस आहे. त्या लोकांच्या नातवंडा-पणतवंडांना विचारले की तुमचा देश केव्हा जन्मला, तर ती ४ जुलै सांगतील, पण १९ जूनही सांगतील.

नऊ महिन्यांत दोन

आता आपल्याकडे वळू. हिंदुस्थानच्या स्वातंत्र्याचा विषय निघाला की आपण लहान समाज, आपला काय संबंध, असे काहींना वाटते. संबंध होता. १९१६ साली लोकमान्य टिळकांच्या भाषणांत राजद्रोह आहे असे म्हणून सरकारने त्यांच्याकडे चांगल्या वर्तणुकीचा जामीन मागितला. टिळकांची बाजू मांडणारे मुख्य बॅरिस्टर होते महंमद अली जिना. त्यांच्या जोडीला जे वकील होते, त्यांत आपले डेव्हिड एरुलकर होते. मुंबई हायकोर्टाने तो जामिनाचा हुकूम रद्द केला. पुढे एकतीस वर्षांनी जिनांनी पाकिस्तान स्थापन केले. एका बाजूला स्वराज्याचा उद्गाता, दुसऱ्या बाजूला पाकिस्तानचा भावी संस्थापक आणि त्यांच्या मधे एक बेने इस्राएल वकील! डेव्हिड यांचे भाऊ डॉ. अब्राहम एरुलकर हे महात्मा गांधींच्या प्रकृतीची काळजी घेणाऱ्या डॉक्टरांपैकी होते. आपले डॉ. एलिजा मोझेस १९३७-३८ साली मुंबईचे महापौर होते. मुंबईत डॉ. ई. मोझेस रोड आजही आहे, पण त्यावरून जाणाऱ्या किती जणांना हे मोझेस कोण ते माहीत असेल?

१५ ऑगस्टचा दिवस ज्योतिषांच्या मते चांगला नव्हता, म्हणून घटना समितीची बैठक १४ तारखेच्या रात्री भरवून मध्यरात्रीची वेळ साधली गेली, असे त्या काळच्या आठवणींत सांगितले जाते. गंमत अशी की नऊ महिन्यांनी तेल अवीवमध्येही घड्याळ आणि पंचांग पाहूनच वेळ ठरली. इंग्रजांचा पॅलेस्टाइनवरील अंमल १४ मे १९४८ च्या मध्यरात्री संपणार होता. तो दिवस होता शुक्रवार, ५ इय्यार ५७०८. मध्यरात्री शब्बाथ लागलेला असणार, म्हणून दुपारी चार वाजता तेल अवीवच्या संग्रहालयाच्या इमारतीत डेव्हिड बेन गुरियन यांनी जाहीरनामा वाचला. जेरुसलेमला वेढा पडला होता, तिथले काही सभासद पोहोचू शकले नाहीत आणि त्यांनी सह्या नंतर केल्या. एकूण सह्या ३७. नव्या राष्ट्राला अमेरिकेची मान्यता अकरा मिनिटांत मिळाली आणि दुसऱ्याच दिवशी अरब देशांच्या फौजा आत शिरल्या.

या दोन जन्मांच्या मधे आपल्या लोकांच्या मनाची ओढाताण झाली. २९ नोव्हेंबर १९४७ रोजी संयुक्त राष्ट्रांत पॅलेस्टाइनच्या फाळणीवर मतदान झाले. बाजूने ३३, विरुद्ध १३, तटस्थ १०. विरुद्ध मत देणाऱ्या तेरांत भारत होता. त्याआधी जूनमध्ये आइन्स्टाइन यांनी पंडित नेहरूंना पत्र लिहून पाठिंबा मागितला होता आणि नेहरूंनी जुलैमध्ये सविस्तर पण नकाराचे उत्तर पाठवले होते. स्वतःच्या देशाच्या फाळणीच्या जखमा ओल्या असताना दुसऱ्या देशाच्या फाळणीला होकार देणे भारताला जमणारे नव्हते, हेही समजून घ्यायला हवे. पुढे १७ सप्टेंबर १९५० रोजी भारताने इस्राएलला मान्यता दिली, १९५३ साली मुंबईत इस्राएलचा वकिलात-विभाग सुरू झाला, पण पूर्ण राजनैतिक संबंध जुळायला २९ जानेवारी १९९२ उजाडले. चव्वेचाळीस वर्षे आपली मातृभूमी आणि पितृभूमी एकमेकींशी बेताचेच बोलत होत्या. पत्रांची आणि लग्नांची देवाणघेवाण आपल्या घरांनीच चालू ठेवली.

कराचीच्या आपल्या बांधवांची गोष्ट याहून कठीण. तिथली मागेन शालोम मशीद सोलोमन डेव्हिड उमेरडेकर यांनी १८९३ साली बांधली. तिथेही आपले लोक मराठी बोलत. १४ ऑगस्ट १९४७ रोजी त्यांनी घर सोडले नाही, गाव बदलले नाही, तरी ते दुसऱ्या देशात गेले. हळूहळू बहुतेक सगळे मुंबईला किंवा इस्राएलला निघून आले. १९८८ साली ती मशीद पाडली गेली.

जेरुसलेमच्या रस्त्यावर

इस्राएलने १९५० साली परतीचा कायदा केला. जगातील कोणत्याही यहुद्याला येऊन नागरिक होण्याचा हक्क मिळाला. जाहीरनाम्यात धर्म, वंश, स्त्री-पुरुष असा भेद न करता सर्वांना समान हक्क देण्याचे वचन होतेच. आपले लोक नोकऱ्या सोडून, घरदार विकून निघाले. कोकणातील शनवार तेल्यांची ती नातवंडे नेगेवच्या वाळूत, नव्याने वसवलेल्या गावांत जाऊन पोहोचली.

पुढचा काळ वडील मंडळींना सांगायला नको, त्यांनी तो भोगला आहे. कातडीच्या रंगावरून बोलणी ऐकावी लागली, कामे हलकी मिळाली. १९५१-५२ मध्ये काही कुटुंबांनी आम्हांला परत भारतात पाठवा म्हणून धरणे धरले आणि त्यांतील काही खरोखर परत गेली. पुढे त्यांच्यातले बरेच जण पुन्हा इस्राएलात आले.

खरा घाव बसला तो १९६२ मध्ये. मुख्य रब्बींच्या मंडळाने विवाह नोंदवणाऱ्या रब्बींना आदेश काढला. वर किंवा वधू बेने इस्राएल असेल, तर तिची आई, आजी, जमेल तितक्या मागच्या पिढ्या तपासा, असे त्यात होते. कोणा परधर्मीयाचा संबंध आला आहे का, घटस्फोट धर्मशास्त्राप्रमाणे झाले आहेत का, याची चौकशी करा. आदेशात आपल्या समाजाचे नाव घालून हे लिहिले होते. शतकानुशतके शनिवारी घाणा बंद ठेवणाऱ्या, सुंता पाळणाऱ्या, शेमा न विसरलेल्या लोकांना आता सिद्ध करायचे होते की आम्ही यहुदी आहोत.

आपल्या लोकांनी काय केले? १९६४ च्या उन्हाळ्यात ते बायकामुलांसह जेरुसलेमला गेले आणि ठाण मांडून बसले. दंगा केला नाही. ही रीत त्यांना कोणी तिथे शिकवली नव्हती. ज्यांनी मुंबईत १९३० आणि १९४२ पाहिले होते, त्यांना बसून राहण्यात केवढे बळ असते ते ठाऊक होते. १७ ऑगस्ट १९६४ रोजी कनेसेटने या प्रश्नासाठी बैठक घेतली. पंतप्रधान लेवी एश्कोल यांचे सरकार आपल्या बाजूने उभे राहिले. बेने इस्राएल हे सर्वार्थाने यहुदी आहेत आणि विवाहासह कोणत्याही बाबतीत त्यांचे हक्क इतरांहून कमी नाहीत, असे कनेसेटने स्पष्ट केले. महिनाअखेर रब्बींच्या मंडळाने आदेशातून आपल्या समाजाचे नाव काढले.

आम्हांला असे वाटते की बेने इस्राएलांच्या दृष्टीने इस्राएल राष्ट्राचा जन्म दोनदा झाला. एकदा १४ मे १९४८ रोजी तेल अवीवमध्ये, आणि दुसऱ्यांदा १७ ऑगस्ट १९६४ रोजी जेरुसलेममध्ये. पहिल्या दिवशी वचन दिले गेले. दुसऱ्या दिवशी ते आपल्यालाही लागू आहे हे मान्य झाले. मेरीलँडच्या यहुद्यांचे १८२६, टेक्ससच्या काळ्या लोकांचे १८६५, अमेरिकेतील हिंदी माणसाचे १९४६, ही सारी साले याच जातीची आहेत. हुआन सेगीनला मात्र त्याचे १९६४ वेळेवर मिळाले नाही.

कागद पुरत नाही

कागद उत्तम असला तरी माणसे नांदली नाहीत तर काय होते, याचेही उदाहरण आपल्या घरातले आहे. डॉ. अब्राहम एरुलकर यांची कन्या लीला यांनी ग्लाफकोस क्लेरिदीस या सायप्रसच्या तरुणाशी विवाह केला. १६ ऑगस्ट १९६० रोजी सायप्रस स्वतंत्र झाला, तेव्हा क्लेरिदीस त्या राष्ट्राच्या उभारणीत होते आणि तिथल्या संसदेचे पहिले अध्यक्ष झाले. त्या देशाची घटना बारकाईने लिहिलेली होती : राष्ट्राध्यक्ष ग्रीक, उपाध्यक्ष तुर्क, नोकऱ्यांचीही वाटणी ठरलेली. तीन वर्षांत दोन्ही समाज एकमेकांवर उठले आणि १९७४ पासून बेट दोन तुकड्यांत विभागलेले आहे. १९९३ ते २००३ या काळात क्लेरिदीस राष्ट्राध्यक्ष होते आणि एरुलकरांची लेक तिथली प्रथम नागरिक-पत्नी होती. आपल्या समाजाची एक मुलगी एका राष्ट्राच्या जन्माच्या वेळी तिथे होती आणि त्याचे तुकडे झालेलेही तिने पाहिले.

त्याच १९६० साली, १ मे रोजी, महाराष्ट्र राज्य झाले. शंभराहून अधिक माणसांनी त्यासाठी प्राण दिले, हुतात्मा चौक त्याची साक्ष देतो. तोपर्यंत आपल्यातील बऱ्याच जणांची बोट सुटलेली होती. पण मराठी भाषेचे राज्य झाले याचा आनंद लोद आणि दिमोना इथल्या मराठी घरांतही कमी नव्हता, असे मानायला हरकत नाही. भाषा बरोबर नेलेली होती ना!

अर्विंगमध्ये एका बागेत महात्मा गांधींचा सात फुटी कांस्य पुतळा आहे. २ ऑक्टोबर २०१४ रोजी तो बसवला गेला. त्या बागेचे नाव थॉमस जेफरसन पार्क. समानतेचा जाहीरनामा लिहिणाऱ्याच्या नावाची बाग आणि त्यात सत्याग्रह करणाऱ्याचा पुतळा. नागरिकत्वाची परीक्षा देणाऱ्या वडील मंडळींनी एकदा तिथे जाऊन यावे. एकाने वचन लिहिले. दुसऱ्याने वचन वसूल कसे करायचे ते शिकवले. पॅलेस्टाइनच्या प्रश्नावर गांधीजींचे मत आपल्या मताशी जुळत नव्हते, हे खरे. पण जेरुसलेमला आपले लोक बसले ते त्यांच्याच वाटेने.

आपल्या हातातले काम

राष्ट्रे येतात आणि सीमा बदलतात. आपल्या कोकणातील गावांवर जंजिऱ्याच्या सिद्दीचा, कुलाब्याच्या आंग्र्यांचा, पेशव्यांचा आणि मग इंग्रजांचा अंमल होऊन गेला. नवगावच्या किनाऱ्यावर फुटलेल्या गलबतातून सात पुरुष आणि सात स्त्रिया वाचल्या, या परंपरेपासून आजपर्यंत आपल्यापाशी ना राज्य होते ना फौज. आडनावात गाव ठेवले : पेणकर, रोहेकर, नवगावकर, झिराडकर, केहीमकर, दिवेकर. आणि बिरड्याच्या रोजाला मंदिराच्या नाशाचे दुःख ठेवले. ज्या मंदिराची दिशाही नीट माहीत नव्हती, त्याच्यासाठी वालाला मोड आणणाऱ्या आपल्या आज्यापणज्या उपास करत होत्या. १९६४ मध्ये यहुदीपणाचा पुरावा मागितला गेला, तेव्हा आपल्याकडे होता तो हाच.

म्हणून सर्व वाचकांना, विशेषतः ज्येष्ठांना, आमची एक विनंती आहे. हाईम सॅम्युएल केहीमकर यांनी १८९७ साली आपल्या समाजाचा इतिहास लिहून पूर्ण केला, तो छापून निघाला १९३७ साली. चाळीस वर्षे ते बाड कोणीतरी जपून ठेवले, म्हणून आज आपल्याला आपली हकीकत माहीत आहे. तेवढा मोठा ग्रंथ प्रत्येकाला लिहायला नको. एक वही घ्यावी. तीत आईचे माहेरचे नाव व गाव, आजीचे नाव व गाव, लग्न कोणत्या मशिदीत झाले, केतुबा कोणाकडे आहे, कोणती कबर कोणत्या दफनभूमीत आहे, बोट कोणत्या साली सुटली, हे लिहावे. १९६२-६४ मध्ये कोणी जेरुसलेमला बसायला गेले असेल, तर त्यांनी काय पाहिले ते लिहावे. जुनी रेशनकार्डे, शाळेचे दाखले, पासपोर्ट फेकू नयेत. लिहिणे होत नसेल, तर नातवाला समोर बसवून सांगावे. तो हिब्रूत किंवा इंग्रजीत लिहून घेईल, तरी चालेल.

नातवंडे शाळेत राष्ट्रांचे वाढदिवस शिकतात. त्या वाढदिवसांच्या नंतर आपल्या लोकांना किती वर्षे वाट पाहावी लागली आणि ती वाट त्यांनी कशी पाहिली, हे त्यांच्या पुस्तकात नाही. ते आपणच सांगायचे आहे, आणि सांगणारे अजून आपल्यात आहेत तोवर सांगून व्हायला हवे.